पासापुरती राजधानी

बदलापूर ते सीएसएमटी ६८ किलोमीटर, अंबरनाथहून ६०, उल्हासनगरहून ५८. एवढं अंतर रोज कापून महाराष्ट्राच्या राजधानीत जाणारी, रात्री परत येणारी आणि तरीही ती राजधानी कधीच न पाहिलेली माणसं आपल्या तिन्ही गावांत इमारतीगणिक आहेत. सकाळी खिडकी मिळाली तर डोळे मिटायचे. भायखळा गेलं की दाराकडे सरकायचं. गाडी थांबली की गर्दीबरोबर सबवेत उतरायचं आणि ऑफिस गाठायचं. संध्याकाळी त्याच वाटेने परत, नजर फक्त इंडिकेटरवर. तीस-पस्तीस वर्षं हे चालतं. मग निवृत्ती येते, पास संपतो आणि त्याबरोबर मुंबईही संपते.

घरी राहणाऱ्यांची मुंबई तर त्याहून लहान. आमच्या बदलापुरातल्या कितीतरी बायकांना मुंबई माहीत आहे ती टाटा, केईएम आणि जेजे एवढीच. रिपोर्टची पिशवी छातीशी धरून पाहिलेलं शहर. नाहीतर दादरला लग्नाची खरेदी, तीही घड्याळाकडे बघत. शाळेच्या सहलीत राणीचा बाग झाला असेल तर तो पन्नास वर्षांपूर्वी.

याच मुंबईत बॅलार्ड पिअरला क्रूझ लागते. परदेशी प्रवासी उतरतात, आधीच ठरवलेला गाईड त्यांची वाट बघत उभा असतो. सात-आठ तासांत तो त्यांना गेटवे, मणिभवन, महालक्ष्मीचा धोबीघाट, फोर्टमधल्या इमारती दाखवतो. प्रत्येक ठिकाणी कोणी बांधलं, का बांधलं, पैसे कोणी दिले हे समजावून सांगतो. संध्याकाळी ती माणसं बोटीवर परततात तेव्हा व्हीटीच्या, म्हणजे सीएसएमटीच्या, इमारतीबद्दल त्यांना आपल्या डब्यातल्या ग्रुपपेक्षा जास्त ठाऊक असतं. हे मला मनापासून खटकतं. म्हणून आज या सदरात एकच आग्रह धरते आहे. घरातली सहा माणसं जमवा, मराठी बोलणारा चांगला गाईड ठरवा, त्याचे पैसे आनंदाने द्या आणि एक दिवस राजधानी बघायला जा. कामाला नाही, दवाखान्यात नाही, बघायला.

यावर पहिला प्रश्न ठरलेला असतो: मुंबई आपलीच, गाईड कशाला हवा?

या हिवाळ्यात आमच्या सोसायटीतल्या काही ज्येष्ठ बायकांबरोबर मी अशी गेले. गाईड तरुण होता, गळ्यात ओळखपत्र, हातात जुन्या छायाचित्रांची वही. त्याने आम्हाला स्टेशनातून थेट बाहेर काढलं, रस्ता ओलांडायला लावला आणि महापालिकेसमोरच्या सेल्फी पॉइंटवर उभं केलं. म्हणाला, आता मागे वळा. समोर अख्खं स्टेशन उभं. ज्या इमारतीच्या पोटातून लाखो माणसं रोज जातात ती समोरून, निवांतपणे, कोणी धक्का न मारता बघायची ही आमच्यातल्या बहुतेकींची पहिलीच वेळ. त्याने फाटकाचे दोन खांब दाखवले. एकावर सिंह, दुसऱ्यावर वाघ. सिंह इंग्लंडचा, वाघ आपला. मग मान वर करायला लावली. घुमटावरची ती उंच बाई म्हणजे ‘प्रगती’. उजव्या हातात पेटती मशाल, डाव्या हाती चाक. १८७८ मध्ये काम सुरू झालं, १८८७ मध्ये राणीच्या राज्यारोहणाच्या सुवर्णमहोत्सवी वर्षात नाव पडलं व्हिक्टोरिया टर्मिनस. फ्रेडरिक विल्यम स्टीव्हन्स हा वास्तुकार. आम्ही जिच्या कडेला उभ्या होतो ती १८९३ ची महापालिकेची इमारतही त्याचीच.

मग आत, लोकलच्या तिकीटघरात. तिथले खांब, वरच्या कमानी, छतावरचे तारे. खांबांच्या माथ्यावर दगडी पानं, त्या पानांत पक्षी आणि प्राणी. एक काकू बराच वेळ त्या खांबापाशी थांबल्या. त्यांचे यजमान याच खिडक्यांसमोर रांग लावून पास काढायचे. दगडी पानाकडे बघत त्या एवढंच म्हणाल्या, “ह्यांनी हे कधीच सांगितलं नाही.” सांगणार कसे? त्यांना तरी कोणी दाखवलं होतं?

गाईडने मग आम्हाला विचारलं, तुम्ही कुठून आलात? बदलापूर, एकजण माहेरची अंबरनाथची. अंबरनाथ म्हटल्यावर त्याचा चेहरा उजळला. स्टेशनावरच्या कोरीवकामात सर जे. जे. स्कूल ऑफ आर्टच्या विद्यार्थ्यांचा हात आहे, हे तो सांगतच होता. त्याला जोडून त्याने सांगितलं की व्हीटीचा पायाही खणला नव्हता तेव्हा, १८६८ च्या सुमारास, त्याच जे. जे. चे विद्यार्थी आपले शिक्षक टेरी यांच्याबरोबर अंबरनाथच्या शिवमंदिरात मुक्कामाला होते. मंदिराची रेखाटनं करत होते, शिल्पांचे साचे काढत होते. ज्या संस्थेने अंबरनाथचा दगड हातांनी चाचपला, तिच्याच पुढच्या पिढ्यांनी व्हीटीचा दगड घडवला. माहेरवाशीण काकूंचं वय सत्तरच्या पुढे. लहानपणी वालधुनीच्या काठी, त्या मंदिराच्या आवारात त्या खेळल्या आहेत. महाशिवरात्रीची जत्रा त्यांनी कधी चुकवली नाही. त्यांना हे आजवर कोणी सांगितलं नव्हतं.

गाईड लागतो तो यासाठी. इमारत तर डोळ्यांना दिसतेच, सनावळी मोबाइलवरही मिळते. पण समोरच्या माणसाचं गाव कुठलं हे विचारून त्या गावाचा धागा राजधानीच्या दगडापर्यंत नेऊन जोडणं, हे जाणत्या माणसालाच जमतं. बसमधून होणाऱ्या ‘मुंबई दर्शना’त ते होत नाही. पन्नास माणसं, एक माईक, प्रत्येक थांब्यावर पंधरा मिनिटं, आणि त्यातला निम्मा वेळ नटांचे बंगले दाखवण्यात. त्यात खर्च कमी, हे खरं. पण गुडघे दुखणारी माणसं बरोबर असताना आपल्या चालीने चालणारा, बसायला जागा शोधून देणारा, तोच प्रश्न दोनदा विचारला तरी न वैतागणारा माणूस हवा असतो. त्याचं शुल्क सहा जणांत वाटलं तर हॉटेलातल्या एका जेवणापलीकडे सहसा जात नाही. त्यावर आपण एवढी घासाघीस का करतो, मला कळत नाही. ज्ञानाचे पैसे द्यायची सवय आपल्याला लावून घ्यावी लागेल.

आपल्या तिन्ही गावांना या शहरात शोधण्यासारखं खूप आहे. अंबरनाथचं मंदिर शके ९८२ चं, म्हणजे इ. स. १०६० चं, शिलाहार राजा मुम्मुणीच्या काळातलं. मंदिरातल्या शिलालेखावर सुरुवातीच्या काळात लिहिणाऱ्यांत डॉ. भाऊ दाजी लाड होते. त्यांच्याच नावाचं संग्रहालय भायखळ्याला, आपल्याच लाइनवर, स्टेशनपासून जवळ आहे. १८७२ मध्ये लोकांसाठी उघडलेली ही वास्तू आपण गाडीतून रोज ओलांडतो. तिच्या अंगणात घारापुरीचा दगडी हत्ती उभा आहे, ज्याच्यावरून पोर्तुगीजांनी त्या बेटाला एलिफंटा नाव दिलं. तो इंग्लंडला नेण्याचा प्रयत्न झाला. उचलताना तो कोसळून फुटला आणि म्हणून आपल्याकडे राहिला. आणि वाळकेश्वरचा बाणगंगा तलाव? तोही शिलाहारांच्याच काळातला, त्यांच्या दरबारातल्या लक्ष्मण प्रभूने ११२७ मध्ये बांधला असं सांगतात. अंबरनाथकराने बाणगंगेच्या पायऱ्यांवर उभं राहावं ते परक्यासारखं नव्हे.

उल्हासनगरच्या सिंधी कुटुंबांचं नातं आणखी थेट आहे. फाळणीनंतर कराचीहून बोटीने निघालेल्या हजारो निर्वासितांचं भारतातलं पहिलं पाऊल मुंबई बंदरात पडलं. तिथून त्यांना कल्याणजवळच्या महायुद्धातल्या लष्करी छावण्यांत आणलं गेलं, आणि ८ ऑगस्ट १९४९ रोजी गव्हर्नर जनरल राजगोपालाचारींच्या हस्ते त्याच छावण्यांचं उल्हासनगर झालं. कॅम्प एक ते पाच हे आकडे आजही रिक्षावाल्याला सांगावे लागतात. आजोबा ज्या बंदरात उतरले त्याचा परिसर नातवंडांनी एकदा तरी बघितला पाहिजे. गोदीच्या आत सोडणार नाहीत, पण बॅलार्ड इस्टेटीच्या रस्त्यांवरून चालत गाईडच्या तोंडून ती हकीकत ऐकता येते. ती हकीकत स्वतः सांगणारी पिढी आता फार थोडी उरली आहे.

तिन्ही गावांचं मिळून जे एक ठिकाण आहे तिथे मी सर्वांत जास्त वेळ काढायला सांगेन. हुतात्मा चौक. फ्लोरा फाउंटनचं कारंजं १८६४ चं, देखणं आहे, त्याच्याभोवती फोटोही छान येतात. पण पुढे होऊन शेतकरी आणि कामगाराच्या हातांतल्या मशालीखाली उभं राहा. २१ नोव्हेंबर १९५५ ला याच परिसरात मोर्चावर गोळीबार झाला. मुंबईसह संयुक्त महाराष्ट्रासाठीच्या त्या लढ्यात शंभराहून अधिक माणसं गेली. १ मे १९६० ला राज्य झालं आणि मुंबई आपली राजधानी झाली ती या माणसांमुळे. स्मारकावर त्यांची नावं कोरलेली आहेत. आमच्या गाईडने तिथे बोलणं थांबवलं आणि नावं वाचायला सांगितली. आम्ही वाचली, मोठ्याने. बाजूने माणसं चर्चगेटच्या दिशेने घाईत जात होती, एखाद-दुसरा थांबला. आपली राजधानी आपल्याला देणाऱ्यांची नावं एकदा स्वतःच्या तोंडाने उच्चारायला साठ-सत्तर वर्षं उशीर झाला असेल, पण ती उच्चारावीत.

तिथून ओव्हल मैदान चालत काही मिनिटांवर. एका बाजूला उच्च न्यायालय आणि विद्यापीठ, दुसऱ्या बाजूला आर्ट डेको इमारतींची रांग. या सगळ्या समूहाला २०१८ मध्ये जागतिक वारशाचा दर्जा मिळाला. विद्यापीठाच्या आवारातच राजाबाई टॉवर. प्रेमचंद रायचंद यांनी पैसे दिले आणि मनोऱ्याला आईचं नाव दिलं. सत्तरीतल्या बायकांनी हे ऐकताना एकमेकींकडे पाहिलं. एवढ्या मोठ्या मनोऱ्याला एका घरातल्या आईचं नाव आहे, हे त्यांना फार आवडलं.

आता व्यवहाराचं. रविवार टाळा, मध्य रेल्वेवर मेगाब्लॉक असतो आणि ज्येष्ठांना घेऊन कल्याणला अडकणं नको. सोमवारी घारापुरी बंद, बुधवारी भाऊ दाजी लाड संग्रहालय बंद. शनिवार उत्तम. महापालिकेच्या मुख्यालयाचा हेरिटेज वॉक जानेवारी २०२१ पासून शनिवार-रविवारी होतो, त्याची नोंदणी आधी करावी लागते. सकाळच्या गर्दीचा भर ओसरल्यावर निघा. गाडी भाड्याने घेऊन काटई आणि शिळफाट्यामार्गे जाण्यापेक्षा लोकलने जा आणि फोर्टमध्ये टॅक्सी करा. रस्त्यात गेलेले तीन तास कोणी परत देत नाही. दिवसात चार ठिकाणं पुरेत. पाचव्याचा आग्रह धरणारा गाईड असला तर त्याला प्रेमाने नाही म्हणा.

आणि मराठी मागा. केंद्रीय पर्यटन खात्याचे परवानाधारक गाईड आहेत, खाकी टूर्ससारख्या संस्था आहेत. पण गिऱ्हाईक बहुतेक बाहेरचं, त्यामुळे इंग्रजी आणि हिंदी हाताशी तयार असते. मराठीतून सांगणारा हवा, हे नोंदणी करतानाच स्पष्ट सांगा. मागणी आली की माणसं तयार होतील. मराठीत हे शहर सांगता येणारी मुलं आपल्याच गावांत आहेत, इतिहासाची पदवी घेऊन कॉल सेंटरला जाणारी.

एक मागणी आपल्या दारातलीही आहे. अंबरनाथच्या शिवमंदिरात पोहोचलेल्या पाहुण्याला शिल्पं समजावून सांगणारा प्रशिक्षित स्थानिक माणूस सहसा भेटत नाही. हजार वर्षांच्या आसपास वय असलेल्या, पुरातत्त्व खात्याच्या संरक्षणात असलेल्या वास्तूची ही स्थिती योग्य नाही. अंबरनाथ आणि बदलापूरच्या नगरपालिका, उल्हासनगरची महापालिका आणि इथली महाविद्यालयं यांनी मिळून वीस-पंचवीस मुलामुलींना गाईडचं प्रशिक्षण द्यावं. ती मुलं सकाळी आपल्या माणसांना मुंबई दाखवतील आणि मुंबईकरांना अंबरनाथ.

तोवर वाट बघू नका. घरात कोणी पन्नाशी-साठी ओलांडलेलं असेल, तर या महिन्यातला एक शनिवार त्यांच्यासाठी मोकळा ठेवा, गाईडला आजच फोन करा. चपला मऊ तळाच्या घाला आणि पाण्याची बाटली घ्या.