हबलचे दोन बोल्ट

गेल्या आठवड्यात एका चर्चासत्रात एका वक्त्याने छातीठोकपणे सांगून टाकलं, की उद्याच्या कारखान्यात सगळी जोडणी रोबो करतील, त्यामुळे 'बोल्ट किती आवळायचा' हा प्रश्नच उरणार नाही. टाळ्याही पडल्या. टाळ्या वाजवणाऱ्यांत फिटर एकही नसावा, अशी माझी खात्री आहे.

टॉर्कचं, म्हणजे बोल्ट आवळताना लावायच्या पिळाचं, सगळं गणित इथे मांडत नाही. एवढंच लक्षात घ्या, की पान्याला लावलेल्या जोरातला साधारण निम्मा बोल्टच्या डोक्याखालच्या घर्षणात जिरतो, चाळीसेक टक्के आट्यांत. बोल्ट ताणायला उरतो जेमतेम दहावा हिस्सा, आणि जोड धरून ठेवतो तो हा ताणच. आट्यांना तेल लागलं, की त्याच आकड्यावर ताण भलताच वाढतो. रोबो आकडा बिनचूक पाळेल, पण तेल कुणी पुसायचं?

मला या बाबतीत मे 2009 मधली हबल दुर्बिणीची शेवटची दुरुस्ती आठवते. अटलांटिस यानातून गेलेल्या अंतराळवीरांकडे टॉर्क आधी ठरवून देता येणारं बॅटरीवरचं हत्यार होतं. भविष्य म्हणतात ते हेच. पहिल्याच स्पेसवॉकमध्ये अँड्र्यू फ्यूस्टेल यांना 1993 साली बसवलेला जुना कॅमेरा काढायचा होता. त्याचा मुख्य बोल्ट हलेना. तो तुटला असता तर जुना कॅमेरा आतच राहिला असता आणि नवा परत आणावा लागला असता. ठरलेल्या जोरापुढे निसटणारा टॉर्क लिमिटर लावून, हाताने पाना फिरवून पाहिलं, तरी नाही. शेवटी लिमिटर काढायला जमिनीवरून परवानगी मिळाली. फ्यूस्टेल यांनी जोर लावला आणि बोल्ट सुटला.

तीन दिवसांनी माइक मॅसिमिनो यांची पाळी. 2004 पासून बंद पडलेला वर्णपटमापक दुरुस्त करायचा होता. आतल्या झाकणाचे 111 बारीक स्क्रू तरंगत जाऊ नयेत म्हणून ते अडकवणारी खास पट्टी बनवून नेली होती. नडला मात्र ती पट्टी बसवण्याआधी काढायच्या हातदांडीचा एक स्क्रू. त्याचं डोकं घासून गोल झालं होतं, पाना धरेचना. अखेर मॅसिमिनो यांनी दांडी हाताने ओढून तोडली.

म्हणजे दोन्ही वेळा काम झालं ते माणसाच्या हाताने. यावरून 'अनुभवी हाताला आकडा कशाला' असं म्हणणारे आपल्याकडे पुष्कळ निघतील. त्यांनी एक लक्षात घ्यावं. दांडी ओढण्याआधी जमिनीवर, नासाच्या गोडार्ड केंद्रात तशाच दांडीवर ती किती जोराने तुटते ते तपासलं होतं. लिमिटर काढताना बोल्ट तुटला तर काय गमवायचं, तेही ठाऊक होतं. मर्यादा ओलांडायची तर आधी ती माहीत हवी. आपल्याकडच्या गॅरेजांत मर्यादाच माहीत नसते, म्हणून ती रोज ओलांडली जाते.

राहिला माझा जुना हट्ट, नोंदवहीचा. टॉर्क कितीही अचूक असो, कुणी काय सोडलं आणि काय लावलं हे लिहिलेलं नसेल तर तो आकडा शोभेचा. 5 जानेवारी 2024 रोजी अलास्का एअरलाइन्सच्या बोइंग 737 मॅक्स 9 विमानाचा दरवाजाच्या जागी बसवलेला पॅनेल हवेत उडून गेला. तो धरून ठेवणारे चार बोल्ट आवळायचे राहिले नव्हते, ते बसवलेच नव्हते. रेंटनच्या कारखान्यात तो पॅनेल दुरुस्तीसाठी उघडला होता. त्या कामाची नोंद अमेरिकेच्या तपास यंत्रणेने मागितली, तेव्हा बोइंगला ती देता आली नाही.