आधी भवानी होऊ द्या

ऑक्टोबरचे ऊन जरा उतरले की शहरातल्या खाद्यफेऱ्यांचा हंगाम सुरू होतो. पाऊस गेलेला असतो, परदेशी पाहुण्यांकडून चौकशा वाढतात आणि दिवाळीला किंवा नाताळच्या सुट्टीत घरी येणारी अमेरिका-इंग्लंडमधली मराठी मंडळी 'मुलांना मंडई दाखवा, भुलेश्वर दाखवा' म्हणून फोन करू लागतात. या मासिकाच्या बहुतेक वाचकांचे मार्चपर्यंतचे शनिवार-रविवार आता भरत आले असतील. म्हणूनच एक गोष्ट आत्ता ठासून सांगायला हवी. बाजारातून गट नेणारा माणूस आधी त्या बाजाराचा गिऱ्हाईक असतो आणि मग मार्गदर्शक. आपल्या धंद्यात हा क्रम अलीकडे उलटा होत चालला आहे. त्याचा त्रास ज्यांना होतो ती माणसे आपल्या तोंडावर काही बोलत नाहीत.

पुण्याच्या मंडईचे उदाहरण घ्या. सकाळी साडेसात-आठच्या सुमाराला पालेभाजीवाल्या मावश्या बसलेल्या असतात. ओले गोणपाट अंथरलेले, त्यावर मेथी, शेपू, चुका, अंबाडीच्या जुड्या रचलेल्या. हात सतत चालू असतात. पिवळी पाने खुडायची, सैल झालेली जुडी पुन्हा बांधायची, वरून पाण्याचा हबका मारायचा. पहिले गिऱ्हाईक येते, जुडी घेते, पैसे देते. ते पैसे मावशी कपाळाला लावतात आणि मगच पिशवीत टाकतात. ही भवानी. ती होईपर्यंत उधारी नाही, फुकट काही द्यायचे नाही, आणि पहिले गिऱ्हाईक परत जाऊ नये म्हणून दोन रुपये कमी घ्यायचीही तयारी असते. भवानी चांगली झाली की दिवस चांगला जातो, असे मानणारी ही माणसे आहेत.

नेमक्या याच वेळी बारा-पंधरा जणांचा गट मावशींसमोर कोंडाळे करून उभा राहतो. मार्गदर्शक अंबाडीची जुडी उचलतो आणि वास घ्यायला सगळ्यांच्या हातांत फिरवतो. कोणी पान तोडून चघळून बघतो, कोणी वाकून फोटो काढतो. रोजच्या बायका मागे थबकतात आणि शेजारच्या मावशीकडे वळतात. जुडी जागेवर परत येते तेव्हा मलूल झालेली असते. गट पुढे निघतो, विक्री काहीच झालेली नसते. तरीही मावशी हसून 'या परत' म्हणतात, कारण दारात आलेल्या माणसाला असेच म्हणायची आपली रीत आहे. त्या हसण्याला होकार समजू नये.

यावरचा उपाय अवघड नाही. जुडी आधी विकत घ्यावी, मावशी सांगतील तो भाव द्यावा, पाहुण्यांना गंमत दाखवायची म्हणून घासाघीस करू नये. मग ती जुडी घेऊन गटाला एका बाजूला, वाट अडणार नाही अशा जागी न्यावे आणि हवे तितके बोलावे. अंबाडीच्या भाजीत कण्या का घालतात, वरून लसणाची चरचरीत फोडणी का लागते, ज्वारीच्या भाकरीशिवाय ती का जमत नाही, हे सांगायला मावशींचे गिऱ्हाईक अडवायची गरज नसते. मावशींनाच बोलते करायचे असेल तर दुपारी जावे. तेव्हा वर्दळ ओसरलेली असते, त्यांचा डबा खाऊन झालेला असतो, आणि कुठली भाजी कुठल्या गावाकडून येते इथपासून सून नीट भाजी निवडत नाही इथपर्यंत सगळे काही ऐकायला मिळते. आपल्यातले बहुतेक जण सकाळचीच वेळ धरतात, कारण फोटो सकाळी चांगले येतात. फोटोपायी बाजाराच्या कामाची वेळ मोडू नये, असे आमचे स्पष्ट मत आहे.

गट किती जणांचा असावा, याबद्दल जगातल्या दोन बाजारांचा अनुभव डोळ्यांसमोर ठेवण्यासारखा आहे. बार्सेलोनाच्या बोकेरिया बाजारात पर्यटकांची इतकी दाटी झाली की रोजची गिऱ्हाइके यायची कमी झाली. शेवटी २०१५ मध्ये शुक्रवारी आणि शनिवारी सकाळी ८ ते दुपारी ३ या वेळेत १५ किंवा त्याहून मोठ्या पर्यटक-गटांना तिथे मनाई करण्यात आली. टोकियोच्या त्सुकिजी बाजारातला ट्यूना माशांचा पहाटेचा लिलाव पाहायला अशीच झुंबड उडायची. २००८च्या डिसेंबरात तो लिलाव काही आठवडे पर्यटकांसाठी बंद ठेवावा लागला. पुढे मोजक्याच लोकांना आत सोडू लागले, आणि २०१८ मध्ये घाऊक बाजार तोयोसूला हलल्यावर लिलाव ठरवून दिलेल्या जागेवरूनच बघावा लागतो. या दोन्ही ठिकाणी पाहुण्यांशी कोणाचे वैर नव्हते. विकणाऱ्याला विकता येईना आणि घेणाऱ्याला घेता येईना, एवढेच कारण होते.

भुलेश्वरच्या किंवा झवेरी बाजाराच्या गल्ल्या तर याहून अरुंद आहेत. हमाल डोक्यावर गठ्ठा घेऊन 'बाजू, बाजू' ओरडत येतो तेव्हा त्याला थांबता येत नाही. त्याच्या वाटेत पंधरा जणांची रांग आली तर ओझे उतरवून पुन्हा चढवायची मेहनत त्याच्या माथी येते. अशा गल्लीत आठच्या वर माणसे नेऊ नयेत. मागणी जास्त असेल तर दोन फेऱ्या कराव्यात.

आता पैशाचे बोलू. ही गोष्ट आपण आपसात फारशी बोलत नाही. समजा, आठ जणांचा गट आहे आणि माणशी अडीच हजार रुपये घेतले. वीस हजार झाले. सहा ठिकाणी खाणे झाले आणि प्रत्येक ठिकाणी सरासरी ४०० रुपये दिले, तर बाजारात गेले २४०० रुपये, म्हणजे आठवा हिस्सासुद्धा नाही. उरलेल्या पैशांत तुमचा अभ्यास आहे, वेळ आहे, बुकिंग करून देणाऱ्या पोर्टलचे कमिशन आहे, कर आहे. ते सगळे रास्त आहे, त्यात कोणाचे दुमत नाही. पण पाहुणा येतो तो त्या गाडीवरच्या हातच्या चवीसाठी. तिकिटाचा किमान चौथा हिस्सा बाजारात खर्च व्हावा, असे आम्हाला वाटते. तो खाण्यातच गेला पाहिजे असे नाही. मसाले, पापड, कोकम, सुकी मासळी, बुरूड आळीतली सूप-टोपली, तांबट आळीतले भांडे अशी खरेदी फेरीत बसवता येते, आणि पाहुण्यांनाही ती हवीच असते.

आठ जणांसाठी अर्ध्या-अर्ध्या प्लेटी मागितल्या तरी पैसे पूर्ण प्लेटचे द्यावेत, कारण भजी तळणाऱ्याला घाणा तेवढाच काढावा लागतो आणि द्रोण जास्तच लागतात. पैसे त्याच दिवशी, रोख किंवा क्यूआर कोडवर द्यावेत. 'महिनाअखेरीला हिशेब करू' हे रोज माल भरणाऱ्या माणसाला परवडत नाही. विक्रेत्याकडून कमिशन घेणे तर पूर्ण बंद झाले पाहिजे. 'मी तुझ्याकडे परदेशी लोक आणतो' म्हणून हातगाडीवाल्याकडून पैसे काढणारा मार्गदर्शक आपल्या सगळ्यांचे नाव खराब करतो.

पथविक्रेत्यांसाठीचा २०१४चा केंद्रीय कायदा आपल्यापैकी प्रत्येकाने एकदा नीट वाचायला हवा. विक्रेत्यांचे दर पाच वर्षांनी सर्वेक्षण व्हावे आणि पहिले सर्वेक्षण पुरे होऊन प्रमाणपत्रे मिळेपर्यंत कोणाला उठवू नये, असे तो सांगतो. शहराच्या पथविक्रेता समितीत किमान ४० टक्के सदस्य विक्रेत्यांनी निवडलेले असावेत आणि त्यांत एक तृतीयांश स्त्रिया असाव्यात, हीही त्यात तरतूद आहे. जिथे विकणारे आणि घेणारे परंपरेने जमत आले आहेत, त्या जागेला कायदा नैसर्गिक बाजार म्हणतो आणि सर्वेक्षणात तशी नोंद झालेली जागा विक्रीस मनाई असलेले क्षेत्र म्हणून जाहीर करता येत नाही. प्रत्यक्षात हे सगळे किती रखडले आहे ते अतिक्रमणविरोधी गाडी आली की गल्लीत उडणाऱ्या पळापळीवरून कळतेच.

आपला संबंध इथे दोन बाजूंनी येतो. एखाद्या गाडीवाल्याचा चेहरा, नाव आणि नेमकी जागा आपण व्हिडिओत टाकतो, गर्दी वाढते, शेजारचे तक्रार करतात आणि त्याची गाडी उचलली जाते. त्यामुळे त्याला विचारल्याशिवाय आणि परिणाम समजावून सांगितल्याशिवाय नेमका ठिकाणा जाहीर करू नये. दुसरी बाजू मदतीची आहे. तारखा पडलेले जुने फोटो आणि फेऱ्यांच्या नोंदी तुमच्याकडे असतात. अमुक विक्रेता अमुक जागी वर्षानुवर्षे बसतो हे त्यांतून दिसते. विक्रेत्यांच्या संघटनेने मागितल्या तर त्या जरूर द्याव्यात.

फेरीत काय सांगायचे, यावर आमचा आग्रह एवढाच आहे की पदार्थाबरोबर कष्टांची गोष्टही सांगावी. पुण्याची मंडई १८८६ मध्ये रे मार्केट या नावाने सुरू झाली. तोवर भाजीबाजार शनिवारवाड्यापुढच्या पटांगणात भरायचा. नगरपालिकेचे सदस्य असताना जोतीराव फुले यांनी या इमारतीवरच्या मोठ्या खर्चाला विरोध केला होता. तो पैसा शिक्षणावर खर्च व्हावा, असे त्यांचे म्हणणे होते. आज ती मंडई त्यांच्याच नावाने ओळखली जाते, आणि मुंबईचे १८६९चे क्रॉफर्ड मार्केटही. तिथे दारावरची लॉकवुड किपलिंग यांची शेतकऱ्यांची शिल्पे बहुतेक मार्गदर्शक दाखवतात, वास्तुकार विल्यम इमर्सन यांचे नाव सांगतात आणि पुढे जातात. १९९६ मध्ये इथला घाऊक व्यापार वाशीला गेला, तेव्हा गाळेवाल्यांचे आणि डोक्यावर पाटी घेऊन माल वाहणाऱ्या पाटीवाल्यांचे काय झाले, हे तिथल्या एखाद्या जुन्या माणसाला विचारा. पाहुण्यांना शिल्पापेक्षा ती हकिगत जास्त दिवस आठवेल.

पुण्यात हमाल पंचायतीचे 'कष्टाची भाकर' हे केंद्र १९७४ पासून कष्टकऱ्यांना स्वस्तात पोटभर जेवण देत आले आहे. डॉ. बाबा आढाव यांच्या चळवळीतून ते उभे राहिले. पुण्याच्या खाद्यफेऱ्यांत मिसळ, बाकरवडी, मस्तानी असते. बाजार ज्यांच्या खांद्यावर चालतो ती माणसे काय खातात, हे मात्र अगदी थोड्या फेऱ्यांत दिसते. तिथेही गर्दीच्या वेळी जाऊन बाके अडवू नयेत, एवढे मात्र पाळावे.

गोष्टी सांगताना खरे-खोटे पाहायला हवे. वडापावाचे श्रेय १९६६ मध्ये दादर स्टेशनबाहेर गाडी लावणाऱ्या अशोक वैद्य यांना दिले जाते, हे सांगायला हरकत नाही. पावभाजीचा संबंध अमेरिकेतल्या यादवीशी आणि रात्र रात्र जागणाऱ्या कापूस दलालांशी जोडणारी हकिगत मात्र 'असे सांगतात' या दोन शब्दांशिवाय सांगू नये. मिरची, बटाटा, टोमॅटो हे सगळे अमेरिका खंडातून आलेले, हे पक्के ठाऊक असलेले सत्यच पाहुण्यांना पुरेसे चकित करते.

१८७५ मध्ये सुरू झालेला ससून डॉक हा मुंबईतल्या पहाटेच्या फेऱ्यांचा आवडता थांबा. तिथे फोटोला मनाई आहे. तरी मोबाइल छातीशी धरून चोरून चित्रण करणारे पाहुणे दिसतात आणि बरोबरचा मार्गदर्शक दुसरीकडे बघत असतो. कोळणी हे बरोबर ओळखतात. लिलाव चालू असताना एकेक क्षण त्यांच्या पैशाचा असतो, आणि ओल्या फरशीवरून टोपली ओढत येणाऱ्या बाईला वाट न देणे हा निव्वळ उद्धटपणा आहे. १ जून ते ३१ जुलै पश्चिम किनाऱ्यावर यांत्रिक मासेमारी बंद असते. त्या काळात ताज्या मासळीची फेरी विकूच नये. सुकट, जवळा, सुके बोंबील दाखवावेत आणि बंदी कशासाठी असते ते सांगावे. तीही चांगली फेरी होते.

रमजानात मोहम्मद अली रोडला गट नेणाऱ्यांना एक विनंती आहे. दिवसा रोजेदारांच्या पुढ्यात पाहुण्यांना खायला घालू नका आणि इफ्तारच्या घटकेला दुकानांपुढे घुसू नका. दिवसभर उपाशी राहिलेल्या माणसाला पहिला घास सुखाने खाऊ द्या. नंतर रात्रभर मालपुवा, फिरनी, नल्ली निहारी आहेच.

पोट बिघडण्याबद्दल इथे फार लिहीत नाही. गरमागरम आणि डोळ्यांसमोर तयार झालेले खाऊ घाला, आधी कापून ठेवलेली फळे आणि बर्फ टाळा, शेंगदाण्याची किंवा तिळाची अॅलर्जी आहे का हे फेरीआधी विचारा. पण विक्रेत्यासमोर पाण्याच्या बाटलीने त्याचा चमचा धुऊन घेण्याचा प्रकार थांबवा. ज्या गाडीची स्वच्छता तुम्हाला पटत नाही, तिथे गट नेऊच नका.

हंगामातली पहिली फेरी निघण्यापूर्वी एकदा पाहुण्यांशिवाय, एकट्याने आपल्या वाटेवरून जाऊन या. प्रत्येक ठिकाणी पैसे देऊन खा, आणि विकणाऱ्या माणसाला सरळ विचारा, 'किती माणसे आणली तर चालतील, कुठल्या वेळी आणू, आणि कुठे उभे राहू?' मिळेल ते उत्तर वहीत लिहून घ्या आणि वेळापत्रक त्याप्रमाणे बदला. ज्यांनी 'नका आणू' असे सांगितले, त्यांचे नाव यादीतून काढून टाका, आणि पुढच्या खेपेला तिथे फक्त गिऱ्हाईक म्हणून जा.