वलांडीपाशी आठवणारी सिमोन वेल

उत्तनच्या पुढे चौकला पोहोचलं की रस्ता संपतो. खाडीपलीकडे वसईचा किल्ला, अलीकडे धारावीचा. १७३९ साली चिमाजी आप्पांच्या मोहिमेत इथून पोर्तुगीजांची सत्ता गेली; त्यांच्याबरोबर आलेली ख्रिस्ती श्रद्धा मात्र किनाऱ्यावरच्या कोळी घरांत रुजून राहिली. इथे बायका उन्हात उभ्या राहून दोन-दोन बोंबील जबड्यात जबडा अडकवून वलांडीवर, म्हणजे मासळी वाळवायच्या मांडणीवर, टांगत असतात. ते पाहिलं की मला सिमोन वेल आठवते.

१९०९ साली पॅरिसच्या सुखवस्तू ज्यू घरात जन्मलेली ही बाई तत्त्वज्ञानाची शिक्षिका. कामगारांवर लिहायचं तर आधी कामगार व्हायला हवं, म्हणून डिसेंबर १९३४ मध्ये ती कारखान्यात दाखल झाली; शेवटचे महिने तिने रेनोमध्ये काढले. कष्टांतून बंड पेटतं अशी तिची समजूत होती. अनुभव उलटा आला. यंत्राचा वेग, नगावर मिळणारी मजुरी, मुकादमाचा दरारा यांनी माणूस इतका दबतो की त्याला विचार करणंच नकोसं होतं. आपणही मुकाट्याने हुकूम पाळतो आहोत, हे तिने स्वतःच्या रोजनिशीत नोंदवलं.

तिथून थकून बाहेर पडल्यावर ती आईवडिलांबरोबर पोर्तुगालला गेली. एका गरीब कोळीवाड्यात ग्रामदैवत संताचा सण होता. पौर्णिमेच्या रात्री कोळणी हातात मेणबत्त्या घेऊन होड्यांभोवती फिरत होत्या, जुनी आर्त स्तोत्रं गात होत्या. ख्रिस्ताचा धर्म हा गुलामांचा, पिचलेल्यांचा धर्म आहे आणि आपणही त्यांच्यातल्याच, असं तिला त्या रात्री उमगलं. तरीही ती बराच काळ चर्चच्या उंबरठ्याबाहेरच थांबली.

भारताशीही तिचा धागा जुळतो. तिचा भाऊ आंद्रे हा थोर गणिती. १९३० ते ३२ तो अलीगढच्या विद्यापीठात शिकवत होता. सिमोनने १९४० मध्ये गीता वाचली आणि मूळ शब्द कळावेत म्हणून संस्कृत शिकायला घेतलं. त्याआधी १९३२ साली धुळ्याच्या तुरुंगात विनोबा कैद्यांना मराठीतून गीता सांगत होते. दोघांची कधी भेट नाही, पण हाताने केलेलं काम ही दोघांच्याही लेखी साधनाच होती.

तिच्या साऱ्या विचाराचं सार एका शब्दात येतं : लक्ष. समोरच्याला 'तुला काय होतंय?' असं विचारणं आणि आपलं म्हणणं बाजूला ठेवून उत्तर ऐकणं, हेच तिच्या लेखी खरं प्रेम. १९४३ मध्ये क्षयाने आजारी असतानाही, जर्मनांच्या ताब्यातल्या फ्रान्समध्ये लोकांना मिळतं त्याहून जास्त खायचं नाही, असा तिचा हट्ट होता. त्याच वर्षी २४ ऑगस्टला इंग्लंडमध्ये ती गेली, तेव्हा ३४ वर्षांची होती. माणसाला मुळांची गरज असते, हे सांगणारं तिचं पुस्तक आल्बेर कामूने १९४९ साली प्रसिद्ध केलं.

तिचा उपासाचा हट्ट मला पटत नाही. लक्षाचा आग्रह मात्र पुरता पटतो. कोळणीशी आपण घासाघीस करतो, तिच्या टोपलीच्या वासावर बोलतो, आणि तिला पाहतच नाही. पुढच्या वेळी बाजारात भाव विचारण्याआधी तिला विचारा : होडी कधी लागली, हाताला किती आलं? आणि तिचं बोलणं पूर्ण होईपर्यंत थांबा.