विश्लेषण : मालिका संपल्यावर बालकलाकाराच्या हाती काय उरते? पेण-रोह्यातील पालकांनी कोणते नियम माहीत करून घ्यावेत?

छोट्या पडद्यावर झळकलेले मूल काही आठवड्यांत घराघरांत पोहोचते. मालिका संपते, मूल मोठे होते आणि कामाची विचारणा थांबते. पेण, रोह्यासारख्या तालुक्याच्या गावांतही ऑडिशनच्या जाहिराती आता थेट मोबाइलवर येतात. त्यामुळे प्रसिद्धीनंतरच्या आयुष्याची तजवीज कोण करणार, हा प्रश्न इथल्या घरांनाही लागू होतो.

रायगडचे उदाहरण काय सांगते?

‘सारेगमप लिटिल चॅम्प्स’च्या २००८-०९ च्या पर्वातील अंतिम पाच जणांत अलिबागची मुग्धा वैशंपायन सर्वांत लहान होती. कार्तिकी गायकवाड विजेती ठरली. पुढे २०२१ मध्ये कार्तिकी, मुग्धा, आर्या आंबेकर, प्रथमेश लघाटे आणि रोहित राऊत हे पाचही जण त्याच कार्यक्रमात परीक्षकांच्या खुर्चीत बसले. मधल्या बारा वर्षांत त्यांचे गाणे सुटले नाही. गायन हे शिकून वाढणारे कौशल्य आहे. कार्यक्रम संपला तरी रियाज सुरू ठेवता येतो.

अभिनयात अडते कुठे?

बालकलाकाराची भूमिका वयाशी बांधलेली असते. ‘उंच माझा झोका’ (२०१२) मालिकेत छोटी रमा तेजश्री वालावलकरने साकारली. कथानक पुढे सरकल्यावर मोठ्या रमेच्या भूमिकेत स्पृहा जोशी आली. कथेची ती गरजच होती, पण अशा टप्प्यावर लहान कलाकाराचे काम थांबते. किशोरवयीन मुलांसाठी भूमिका मुळात कमी. कॉलेजकुमारांच्या भूमिकाही अनेकदा सज्ञान कलाकारच करतात. म्हणून शिक्षणाचा आधार लागतो. ‘श्यामची आई’ (१९५३) चित्रपटातील श्याम, म्हणजे माधव वझे, पुढे इंग्रजीचे प्राध्यापक आणि नाट्यसमीक्षक झाले.

कायदा काय म्हणतो?

बालकामगार कायद्यातील २०१६ च्या दुरुस्तीने १४ वर्षांखालील मुलांना कामावर ठेवण्यास बंदी घातली, मात्र बालकलाकारांना अटींसह सूट दिली. २०१७ च्या नियमांनुसार :

- दिवसात पाच तासांहून अधिक काम नाही. विश्रांतीशिवाय सलग तीन तासांहून अधिक नाही.
- सलग २७ दिवसांहून अधिक काम नाही. शाळेत खंड पडता कामा नये.
- चित्रीकरण जिथे होणार त्या जिल्ह्याच्या जिल्हाधिकाऱ्यांची परवानगी आवश्यक.
- पाच मुलांमागे किमान एक जबाबदार व्यक्ती.
- मुलाच्या इच्छेविरुद्ध काम नाही.
- उत्पन्नातील किमान २० टक्के रक्कम राष्ट्रीयीकृत बँकेत मुलाच्या नावे मुदत ठेवीत. ती सज्ञान झाल्यावर मिळते.

पैसे राखून ठेवण्याची अट का?

चार्ली चॅप्लिनच्या ‘द किड’मधून (१९२१) जगप्रसिद्ध झालेल्या जॅकी कूगनची कमाई आई आणि सावत्र वडिलांनी खर्चून टाकली. त्याला १९३८ मध्ये कोर्टात जावे लागले. त्यानंतर १९३९ मध्ये कॅलिफोर्नियात बालकलाकारांच्या कमाईला संरक्षण देणारा कायदा आला. आपल्याकडील २० टक्क्यांचा नियम याच धर्तीचा आहे. मात्र एक लाखाच्या कमाईत सक्तीने शिल्लक राहतात ते वीस हजार. उरलेल्या ऐंशी हजारांचे काय करायचे, हे पालकांच्याच हाती राहते.

पेण-रोह्याची अडचण वेगळी का?

अनेक मराठी मालिकांचे चित्रीकरण गोरेगाव आणि ठाणे परिसरात होते. रोह्याहून मुंबई शंभर किलोमीटरहून लांब. नियमात मोजले जातात ते कामाचे तास, प्रवासाचे नाहीत. पाच तासांच्या कामासाठी मुलाचा अख्खा दिवस जातो आणि शाळा बुडते. मग कुटुंबातील एकाला नोकरी-धंदा सोडून मुंबईत राहावे लागते आणि घर मुलाच्या कमाईवर चालू लागते. मुलाला काम नकोसे झाले तरी ‘नाही’ म्हणणे तेव्हा अवघड होते.

परवानगीचे कार्यालयही लांबच. मुंबई उपनगरात चित्रीकरण असेल तर तिथल्या जिल्हाधिकाऱ्यांची परवानगी लागते. कर्जतसारख्या रायगडमधील ठिकाणी असेल, तर अलिबागहून.

रील्सचे काय?

आई-वडील मुलाचे व्हिडीओ करून घरूनच कमाई करतात, तेव्हा सेट घरात असतो आणि निर्माता पालकच. तिथे तास मोजायला कोणी नसते. फ्रान्सने २०२० मध्ये अशा मुलांच्या कमाईसाठी स्वतंत्र कायदा केला.

पालकांनी काय तपासावे?

ऑडिशनसाठी किंवा ‘नोंदणी’साठी पैसे मागितले, तर तिथेच थांबावे. करारापूर्वी जिल्हाधिकाऱ्यांच्या परवानगीची प्रत मागावी. मुदत ठेवीची पावती मुलाच्या नावे आहे का, ते पाहावे. हजेरी आणि परीक्षांबाबत शाळेशी आधीच बोलून घ्यावे. मालिका किती भाग चालेल हे वाहिनीच्या हाती असते. मुलाची शाळा आणि बचत चालू ठेवणे घरच्यांच्या हाती.