यंत्राला ऐकू येतं, पण ‘आठ’ की ‘साठ’?

सध्या जिकडेतिकडे एकच बोलणं चालू आहे. आता टाइप करायला नको, बटणं दाबायला नकोत, फोनसमोर नुसतं बोला, यंत्र ऐकेल आणि मराठीत उत्तर देईल. केंद्र सरकारनं जुलै २०२२ मध्ये ‘भाषिणी’ सुरू केलं. सप्टेंबर २०२३ मध्ये पीएम-किसानच्या हप्त्याची चौकशी करायला ‘किसान ई-मित्र’ आलं आणि पुढे ते मराठीतही बोलू लागलं. जून २०२५ मध्ये आपल्या राज्याच्या मंत्रिमंडळानं शेतीसाठी महाॲग्री-एआय धोरण मंजूर केलं. म्हणजे बोलतं यंत्र आपल्या ओसरीपर्यंत आलेलं आहे. त्याला हाकलायचं कारण नाही. ज्याला लिहिता येत नाही किंवा चष्म्याशिवाय दिसत नाही, त्याची यात मोठी सोय आहे. पण पाहुणा घरात घेण्याआधी चार प्रश्न विचारायची आपली रीत आहे, ती इथंही पाळावी.

आधी हे यंत्र ऐकतं कसं ते पाहा. तुमच्या आवाजाचे ते सेकंदाच्या शंभराव्या भागाइतके बारीक तुकडे करतं. प्रत्येक तुकड्यात कोणता उच्चार असावा याचा अंदाज बांधतं. मग आधी ऐकलेल्या हजारो तासांच्या बोलण्यावरून ठरवतं की या उच्चारांतून कोणता शब्द आणि कोणतं वाक्य होण्याचा संभव जास्त. हा सगळा अंदाजाचा कारभार आहे. ज्यांचं बोलणं त्यानं पुष्कळ ऐकलंय, त्यांच्या बाबतीत अंदाज बरोबर येतो. ज्यांचं कमी ऐकलंय, त्यांच्या बाबतीत चुकतो.

हे माझं मत नाही, मोजून झालेलं आहे. २०२० साली अमेरिकेत पाच बड्या कंपन्यांची अशी यंत्रं तपासली गेली. गोऱ्या माणसांच्या बोलण्यात शंभर शब्दांमागे सरासरी १९ चुका निघाल्या आणि काळ्या माणसांच्या बोलण्यात ३५. दोघंही इंग्रजीच बोलत होते! मग आपल्याकडे पुण्याच्या वर्तमानपत्री मराठीवर शिकवलेल्या यंत्रापुढे अकोल्याच्या बाईनं ‘केयीले पानी देल्लं’ म्हटलं, तर ते काय समजेल? वऱ्हाडात ‘ळ’चा ‘य’ होतो, खानदेशात अहिराणी आहे, तळकोकणात मालवणी. जमिनीच्या तुकड्याला कुणी वावर म्हणतं, कुणी रान, कुणी शेत. कपाशीला विदर्भात पऱ्हाटी म्हणतात. यातलं काहीही अशुद्ध नाही. यंत्राला येत नसेल तर कच्चं यंत्र आहे, बोलणारा नव्हे.

आता आकड्यांकडे या, कारण खरी गोम तिथं आहे. माणसाच्या आवाजातल्या ‘स’ची शीळ फार वरच्या पट्टीत असते, आणि साधा टेलिफोन तेवढी वरची पट्टी पुढे पाठवतच नाही. म्हणून फोनवर ‘साठ’ म्हटलेलं पलीकडे ‘आठ’ ऐकू येऊ शकतं. त्यात शेजारी ट्रॅक्टर चालू असेल, वारा असेल, तर बोलायलाच नको. माणूस समोर असला तर तो विचारतो, ‘काय म्हणाला? आठ का साठ?’ यंत्राला तसं विचारायला शिकवलं नसेल तर ते मुकाट्यानं एक धरून पुढे जातं. पंपात औषध आठ मिली टाकायचं की साठ मिली, यातला फरक तुम्हाला सांगायला नको.

आपली अंकगणना आधीच अवघड. एकोणसाठ आणि एकोणसत्तर यात आपलीच पोरं गोंधळतात. २०१९ साली दुसरीच्या गणिताच्या पुस्तकात ‘वीस पाच’ अशी पद्धत आणली, तेव्हा केवढा गदारोळ झाला होता ते आठवत असेल. वर आपलं पावणे, सव्वा, दीड, अडीच. आपण म्हणतो ‘पावणेतीन एकर’, सातबाऱ्यावर असतं हेक्टर आणि आर. पावणेतीन एकर म्हणजे ११० गुंठे, म्हणजे साधारण १ हेक्टर ११ आर. यंत्रानं ‘पावणे’ गिळलं की सरळ तीन एकर झाले! क्षेत्र चुकलं की विमा अडकतो, नुकसानभरपाई अडकते. १५ ऑगस्ट २०२१ पासून पिकाची नोंद शेतकऱ्यानंच मोबाइलवरून करायची झाली. अशा नोंदी नुसत्या बोलण्यावर भरायची वेळ येईल तेव्हा चुकीचा भार कुणावर पडणार, हा माझा पहिला प्रश्न आहे. आज तलाठ्यानं (नाव आता ग्राम महसूल अधिकारी झालं, तरी आपल्या तोंडी तलाठीच) चुकीचं लिहिलं तर त्याला जाब विचारता येतो. यंत्रानं चुकीचं ऐकलं तर ‘तुम्हीच तसं बोललात’ असं उत्तर मिळू नये.

आणखी एक गोष्ट. जुन्या काळचं यंत्र समजलं नाही की ‘पुन्हा बोला’ म्हणायचं. वैताग यायचा, पण ते प्रामाणिक होतं. आजचं यंत्र हुशार झालंय. न समजताही ते समजल्यासारखं स्वच्छ, व्याकरणशुद्ध वाक्य लिहून मोकळं होतं. मला त्याचीच भीती जास्त वाटते.

शेजारच्या गुजरातेत यावर चांगलं काम झालेलं आहे. २००८च्या सुमारास तिथं ‘आवाज ओटलो’ नावाची फोनची सोय केली गेली. ओटलो म्हणजे आपला ओटा. शेतकऱ्यानं फोन लावायचा, आपला प्रश्न आवाजात नोंदवायचा, जाणकाराचं उत्तर ऐकायचं, दुसऱ्यांचेही प्रश्न ऐकायचे. ते करणाऱ्यांनी खेड्यातल्या लोकांकडून दोन्ही पद्धती करून पाहिल्या: बोलून हुकूम द्यायचा आणि आकड्याचं बटण दाबायचं. बोलणं सोपं जाईल असं कुणालाही वाटलं असतं. निघालं उलटं. बटण दाबणाऱ्यांचं काम जास्त वेळा पुरं झालं. तेव्हाचं यंत्र आजच्या मानानं कच्चं होतं हे खरं. पण धडा घेण्यासारखा आहे. वाट दोन्हीकडून खुली ठेवावी: सांगायचं ते बोलून सांगू द्यावं, आणि हो-नाही, आकडा, शेवटची कबुली बटणावर घ्यावी.

आपल्या राज्यातही टाटा मूलभूत संशोधन संस्था आणि आयआयटी मुंबई इथल्या मंडळींनी बाजारभाव फोनवर विचारता यावेत म्हणून शेतकऱ्यांचे मराठी आवाज गोळा केले होते. बंगळुरूच्या भारतीय विज्ञान संस्थेत ‘वाणी’ प्रकल्प चालू झाला. त्यात जिल्ह्याजिल्ह्यातल्या लोकांना चित्रं दाखवून त्यांना त्यांच्या बोलीत बोलतं केलं जातं. अशा कामाला आवाज जरूर द्यावा. मात्र आवाज देताना तो कशाला वापरणार, हे विचारून घ्या. आणि फक्त सरपंचांचा आणि मास्तरांचा आवाज देऊन भागणार नाही. म्हाताऱ्यांचा, बायकांचा, वाड्यावस्त्यांवरच्या लोकांचा गेला पाहिजे. म्हातारा माणूस बोलताना मध्ये थांबतो. यंत्र सेकंदभराच्या शांततेला बोलणं संपलं समजतं आणि त्याचं वाक्य अर्ध्यात तोडतं. हे टाळता येतं, फक्त करणाऱ्याला त्या म्हाताऱ्याची आठवण हवी.

ग्रामसभेत हा विषय घ्या. गावात असं कोणतंही यंत्र किंवा ॲप आलं, की आधी दहा वेगवेगळ्या माणसांकडून ते चालवून पाहा. जुना साधा फोन असलेला एक तरी त्यात असावा. आकडा आणि पिकाचं नाव यंत्र परत वाचून दाखवतं का? क्षेत्र एकर-गुंठ्यातही सांगतं आणि हेक्टर-आरमध्येही? चुकलं तर मागे जाता येतं? ‘मला माणसाशी बोलायचंय’ म्हटलं तर माणूस मिळतो? आणि आपण काय बोललो त्याची नोंद नंतर ऐकायला मिळते? कृषी सहायकांनी आणि ग्रामसेवकांनी याची उत्तरं लिहून तालुक्याला पाठवावीत. कागद गेला की वरच्यांना उत्तर द्यावं लागतं.

तोवर औषधाचं प्रमाण नुसत्या यंत्राच्या सांगण्यावरून घेऊ नका, बाटलीवरचं लेबल वाचा किंवा वाचून घ्या. आणि २००४ पासून चालू असलेला किसान कॉल सेंटरचा फुकट नंबर, १८००-१८०-१५५१, भिंतीवर लिहून ठेवा. तिथं सकाळी सहा ते रात्री दहापर्यंत माणूस बोलतो, आणि ‘आठ का साठ’ असं विचारतो.