बशीवरची फुले गेली कुठे?

परवा एक आजी चार वर्षांच्या नातवाला घेऊन दवाखान्यात आल्या. पोट दुखते, शौचाला खडा होतो, चेहरा पांढुरका. जंताचे औषध दोनदा देऊन झाले होते. तेही मीच दिलेले. बोलता बोलता आजी म्हणाल्या, "दही-साखर त्याच्याच बशीत लागते हो डॉक्टर. लाल-पिवळी फुले होती तिच्यावर. आता घासून घासून गेली, पण हट्ट तिचाच."

मी विचारले, "आजी, फुले गेली कुठे?"

आजी हसल्या. मी मात्र रक्तातील शिसे तपासण्यासाठी चिठ्ठी लिहिली आणि बशी तूर्त बाजूला ठेवायला सांगितले. अहवाल यायचा आहे, तोवर बशीला दोषी ठरवणार नाही. पण प्रश्न घरोघरचा आहे.

चिनीमातीवर चित्र छापण्याची कला जुनी आहे. इंग्लंडात लिव्हरपूलच्या सॅडलर आणि ग्रीन या दोघांनी 1756 साली सहा तासांत बाराशेंवर फरशा छापून दाखवल्या होत्या. आज मुख्यतः दोन रीती दिसतात. एकीत चित्र आधी छापतात, त्यावर काचेसारखी झिलई चढवतात आणि हजार अंशांच्या वर भाजतात. चित्र काचेखाली बंद होते. दुसरीत तयार, चकचकीत भांड्यावर छापील चित्राचा पातळ थर चिकटवतात आणि पुन्हा साधारण आठशे अंशांवर भाजतात. या रीतीत रंग भडक मिळतात आणि काम स्वस्तात होते, पण चित्र उघडेच राहते. एवढ्या कमी उष्णतेत रंग वितळून चिकटावा म्हणून त्यात पूर्वापार शिसे घालत आले. लाल, केशरी, पिवळ्या रंगांत कॅडमियमही असते. शिसे न वापरणारे कारखाने आहेत, पण बाजारातल्या बिननावाच्या बशीकडे पाहून ते कळत नाही.

भट्टी नीट लागली नसेल तर दही, लिंबू, चिंच, कोकम, लोणचे यांतील आंबटपणा हे शिसे हळूहळू ओढून घेतो. कॅनडात मॉन्ट्रियलमध्ये मातीच्या सुरईत ठेवलेला सफरचंदाचा रस पिऊन एक लहान मूल दगावल्याची हकीकत 1970 साली वैद्यकीय नियतकालिकात छापून आली. तिथे शिसे चित्रातून नव्हे, झिलईतून उतरले होते. पण आंबटाची करणी तीच.

मोठ्या माणसाच्या पोटात गेलेल्या शिशापैकी दहावा हिस्सा रक्तात जातो, तर लहान मुलाच्या बाबतीत निम्म्यापर्यंत. अंगात लोह कमी असेल तर आणखी जास्त. पोटदुखी, बद्धकोष्ठ, पंडुरोग, चिडचिड, अभ्यासात मागे पडणे ही लक्षणे इतकी मोघम की आम्ही डॉक्टर जंत आणि टॉनिक यांवरच थांबतो. अर्थात, शिशाची वाट एकटी बशीच नाही. बॅटरीची कामे, जुना ऑइलपेंट, भेसळीची हळद यांच्यावर संशय आधी घ्यावा.

घरच्या घरी काय पाहाल? चित्रावरून नख फिरवा. कडेला उंचवटा लागला तर चित्र वरचे. असे चित्र भांड्याच्या आत किंवा ओठ टेकतात त्या काठावर असेल तर त्यात आंबट पदार्थ नको आणि मुलांना ते भांडे देऊच नये. रंग फिका किंवा खडबडीत झाला असेल तर ते जेवणातून काढाच. रात्रभर व्हिनेगर ठेवून रंग उतरला तर भांडे वाईट हे नक्की. न उतरला म्हणून मात्र ते चांगले ठरत नाही. सोनेरी काठाचे भांडे मायक्रोवेव्हमध्ये ठेवू नये, ठिणग्या उडतात.

फोटो स्टुडिओत मिळणाऱ्या मगाची एवढी धास्ती नको. त्याला भट्टी नसते. मगावरच्या प्लॅस्टिकसारख्या लेपात सुमारे दोनशे अंशांच्या उष्णतेने रंग मुरवतात, आणि फोटो बाहेरच्या अंगाला असतो. तारेच्या घासणीने लेप खरवडू नका, म्हणजे झाले. सेवानिवृत्तीला मिळालेल्या माझ्या भावाच्या मगातून तो खुशाल चहा पितो.

आजींची बशी सध्या किल्ल्या ठेवायला आहे. नातू स्टीलच्या वाटीत दही खातो, कुरकुरत का होईना.