पसार वाहन, थांबलेली भरपाई
धडक देऊन वाहन पसार झाले, तर मृताच्या वारसांना २ लाख आणि गंभीर जखमीस ५० हजार रुपये देण्याची तरतूद १ एप्रिल २०२२ पासून आहे. पूर्वी जखमीस साडेबारा हजारच मिळत. मात्र अर्ज जखमीने वा त्याच्या प्रतिनिधीनेच करावयाचा! अंथरुणास खिळलेल्या मजुराला ही योजना सांगणार कोण? महिन्याभरात वाहन न सापडल्यास पोलिसांनी त्याला लेखी कळवावे, असा आदेश सर्वोच्च न्यायालयाने जानेवारी २०२४ मध्ये दिला. कळविणे आणि रक्कम हाती पडणे यांतील अंतर मी सेवेत असताना पुरेसे पाहिले आहे. गुन्ह्याची नोंद पोलिसांच्या दप्तरी असतेच. तिच्याच आधारे तहसीलदाराने, अर्जाची वाट न पाहता, चौकशी सुरू करावी. त्यासाठी योजनेत दुरुस्ती लागेल, ती केंद्राने करावी.